परजीवी गांधीलमाश्यांसाठी एक कपाट हवे : ठाणे आणि नवी मुंबईच्या जैवविविधता समित्यांना खुले पत्र

प्रति,
मा. अध्यक्ष आणि सदस्य,
जैवविविधता व्यवस्थापन समिती,
ठाणे महानगरपालिका व नवी मुंबई महानगरपालिका

विषय : लोकजैवविविधता नोंदवहीत परजीवी गांधीलमाश्यांची नोंद घेणे आणि त्यांचे नमुने जपण्याची सोय करणे

महोदय, महोदया,

सविनय नमस्कार.

पावसाळा सरत आला की काही वर्षी ऐरोलीच्या खाडीकाठची तिवरे आठवडाभरात तपकिरी पडतात. पुलावरून जाणाऱ्याला वाटते, कोणी झाडे जाळली. जवळ जाऊन पाहिले तर पानांची नुसती जाळी उरलेली असते आणि काळपट अळ्या धाग्यांना लोंबत असतात. हिब्लीया प्युएरा नावाच्या पतंगाची ही अळी आहे. येऊरच्या बाजूला पावसाच्या तोंडावर सागाच्या कोवळ्या पानांची चाळण करते तीच. अशा वेळी अर्ज जातात, फोटो फिरतात आणि फवारणीची मागणी होते. त्यानंतर काही आठवड्यांनी तिवरांना नवी पालवी फुटते आणि विषय मागे पडतो.

मी त्या दिवसांत काठावर जाऊन दुमडलेल्या पानांतले कोष गोळा करतो आणि तोंडाला मलमल बांधलेल्या बरण्यांत ठेवतो. काही कोषांतून पतंग निघतो. काहींच्या टोकाला मात्र आतून कुरतडून गोल भोक पडते आणि त्यातून साधारण ५ ते ७ मिलिमीटर लांबीची, काळी, दणकट बांध्याची एक माशी बाहेर येते. तिच्या मागच्या पायांच्या मांड्या फुगीर असतात, त्यांच्या खालच्या कडेला करवतीसारखे बारीक दाते असतात आणि पायांवर पिवळे ठिपके असतात. ही ब्रॅकिमेरिया प्रजातीची (म्हणजे जवळच्या जातींच्या गटाची, इंग्रजीत जीनस) परजीवी गांधीलमाशी आहे, एवढे मी भिंग लावून सांगू शकतो. हिब्लीयाच्या कोषांवर ब्रॅकिमेरिया लॅसस ही जाती वाढते, अशी नोंद आहे. पण आपल्या खाडीवर निघालेली माशी तीच जाती आहे, की तिच्यासारखीच दिसणारी दुसरी एखादी, हे ठरवायचे तर तिचा नीट टोचलेला, लेबल लावलेला नमुना तज्ज्ञासमोर ठेवावा लागतो आणि जुन्या, नाव निश्चित झालेल्या नमुन्यांशी ताडून पाहावा लागतो. असा नमुना जपून ठेवण्याची जागा ठाणे-नवी मुंबईतल्या सामान्य अभ्यासकाला आज हाताशी नाही. या पत्राचे कारण तेच आहे.

गांधीलमाशी म्हटले की आपल्यासमोर वळचणीचे पोळे आणि डंख उभा राहतो. मी ज्यांच्याबद्दल लिहीत आहे, त्या बहुतेक माश्या माणसाला डसत नाहीत आणि पोळेही बांधत नाहीत. त्यांची मादी दुसऱ्या कीटकाच्या अंड्यात, अळीत किंवा कोषात आपले अंडे घालते, तिचे पिल्लू त्या यजमानाला खाऊन वाढते आणि शेवटी त्याचा जीव घेते. ऊ किंवा जंत यजमानाला जिवंत ठेवून त्याच्यावर जगतात. या माश्यांचे तसे नाही, म्हणून शास्त्रात त्यांना परजीवी न म्हणता पॅरासिटॉइड हा वेगळा शब्द वापरतात. मराठीत रुळलेला शब्द परजीवी किंवा परोपजीवी हाच असल्याने मीही तोच ठेवला आहे. हा फरक मात्र मनात असावा.

या गटाचा पसारा केवढा आहे, हे आकड्यांतून थोडेफार कळते. इक्न्यूमोनिडी या एकाच कुलात आजवर सुमारे २५,००० जातींना नावे मिळाली आहेत. चॅल्सिड अधिकुलात, म्हणजे जवळच्या अनेक कुलांच्या मोठ्या गटात, नावे मिळालेल्या जाती २२,००० हून अधिक आहेत आणि प्रत्यक्षात त्या ५ लाखांच्या घरात असाव्यात, असा काही तज्ज्ञांचा अंदाज आहे. म्हणजे या अधिकुलातल्या बहुसंख्य जातींना अजून नावच नाही. यांतल्या काही जाती निश्चितच आपल्या शहरांत, आपल्या खिडकीबाहेरच्या कुंडीत उडत असतील.

कुलापर्यंतची ओळख शिकणे अवघड नाही. मी विद्यार्थ्यांना पहिल्या दिवशी पुढचा पंख पाहायला लावत असे. पंखाच्या बाहेरच्या अर्ध्या भागात एक विशिष्ट आडवी शीर असते. ती दिसली तर माशी बहुधा इक्न्यूमोनिडी कुलातली, नसली तर ब्रॅकोनिडी कुलातली. शिरा जवळजवळ नाहीशाच झालेल्या असतील, पुढच्या कडेला एक जाड शीर तेवढी उरली असेल आणि मिशा कोपरात दुमडल्यासारख्या असतील, तर ती चॅल्सिड. एका दुपारी तीस मुलांना एवढे जमते आणि त्यानंतर त्यांची बागेकडे पाहण्याची नजर बदललेली मी अनेक वर्षे पाहिली आहे. खरी अडचण पुढे, जातीपाशी येते, आणि बागाईत, शेती किंवा जंगल यांतल्या निर्णयासाठी उपयोग असतो तो जातीच्या नावाचा.

याचे एक उदाहरण ठाण्यातल्या कोणत्याही गच्चीवरच्या जास्वंदीवर दिसते. फांदीच्या शेंड्याला कापसासारखा पांढरा थर धरतो, कळ्या गळतात. हा पिठ्या ढेकूण. त्याची फिनॅकोकस सोलेनॉप्सिस ही जाती मूळची उत्तर अमेरिकेतली, आणि २००० नंतरच्या दशकात तिने भारतातल्या कपाशीवर हाहाकार केला होता. पुढे शेतांतच असे आढळले की या ढेकणांपैकी अनेक फुगून तपकिरी आणि टणक होत आहेत आणि त्यांतून एक बारीक काळी माशी निघत आहे. अलीगढ मुस्लिम विद्यापीठातले वर्गीकरणतज्ज्ञ मोहम्मद हयात यांनी २००९ मध्ये तिचे वर्णन एक नवी जाती म्हणून केले आणि तिला एनेसियस बंबावालेई हे नाव दिले. काही वर्षांनी जुन्या संग्रहांतले नमुने ताडून पाहिल्यावर लक्षात आले की, ही आणि विसाव्या शतकाच्या पूर्वार्धात अमेरिकेतून ए. ए. जिरॉ यांनी वर्णिलेली जाती एकच आहे. आता तिचे मान्य नाव एनेसियस ॲरिझोनेन्सिस असे आहे.

नाव बदलले त्याने काय झाले, असे कोणी विचारील. त्याने एक मोठी गोष्ट कळली. जिला आपण इथली समजत होतो, ती बहुधा आपल्या यजमानाच्या मागोमाग समुद्रापलीकडून आली होती. कीड परदेशातून येते तेव्हा तिचा नैसर्गिक शत्रूही कधी कधी तिच्यामागे येतो, आणि तो आला आहे हे वेळेत कळले तर फवारणीचा हात आवरता येतो. हे कळू शकले, कारण कोणीतरी जुने नमुने टाचणी, लेबल आणि ठिकाणाच्या नावासह शाबूत ठेवले होते. ते कपाट कोणी रद्दीत काढले असते, तर आज एकाच माशीची दोन नावे आणि दोन वेगळ्या समजुती चालत राहिल्या असत्या.

पपईच्या पिठ्या ढेकणाची गोष्टही याच वाटेने जाते. २००८ मध्ये तो तमिळनाडूत कोइमतूरजवळ आढळला आणि २०१० मध्ये प्युर्तो रिकोहून आणलेल्या ॲसेरोफॅगस पपाये आणि तिच्याबरोबरच्या आणखी दोन परजीवी माश्या सोडल्यावर तो आटोक्यात आला. या माश्या शोधून आणता आल्या, त्या आधी किडीची जाती अचूक ओळखली गेली म्हणून.

शेतकऱ्याला ट्रायकोकार्ड माहीत आहे. कागदाच्या पट्टीवर धान्यातल्या कॉर्सिरा पतंगाची हजारो अंडी चिकटवलेली असतात आणि त्या प्रत्येक अंड्यात ट्रायकोग्रामाची जेमतेम अर्ध्या मिलिमीटरची माशी वाढत असते. तिच्या जाती रंगावरून ओळखण्याचा प्रयत्न पूर्वी होत असे, पण ज्या तापमानात ती वाढते त्याप्रमाणे तिचा रंग फिका किंवा गडद होतो, त्यामुळे गोंधळ व्हायचा. १९६८ ते १९७१ च्या सुमारास बंगळूरमध्ये काम करणाऱ्या सुधा नागरकट्टी आणि एच. नागराज या दोघांनी दाखवून दिले की, नराच्या जननेंद्रियांची रचना काचपट्टीवर पाहिली तर जाती भरवशाने वेगळ्या करता येतात. जगभर आजही ट्रायकोग्रामाची ओळख त्याच खुणेवर उभी आहे. आपल्या देशात झालेले हे काम प्राणिशास्त्राच्या विद्यार्थ्यांना शिकवताना मला नेहमी अभिमान वाटला, आणि ते पुस्तकात फारसे येत नाही याचे वाईटही वाटले. केरळमध्ये कालिकत विद्यापीठात टी. सी. नरेंद्रन यांनी चॅल्सिड माश्यांवर आयुष्य वेचले. महाराष्ट्रात अशी परंपरा उभी राहण्यासाठी लागणारी माणसे आणि बुद्धी आहे. नमुने ठेवायला जागा आणि सातत्य नाही.

आता शहरातल्या झाडांकडे येतो. वृक्षगणनेत वड, पिंपळ, उंबर मोजले जातात. यांतल्या प्रत्येकाचे परागण करणारी माशी ठरलेली आहे : उंबराची सेरॅटोसोलेन फ्युसिसेप्स, वडाची युप्रिस्टिना मॅसोनी, पिंपळाची प्लॅटिस्कॅपा क्वाड्रॅटिसेप्स. उंबराचे फूल कोणाला दिसत नाही, कारण ती फुले फळाच्या आतच असतात आणि ही मादी टोकाच्या बारीक छिद्रातून पंख तुटेपर्यंत रेटा देत आत शिरते, तेव्हाच त्यांचे परागण होते. तेवढ्यावर गोष्ट संपत नाही. त्याच हिरव्या उंबरावर बाहेरून ॲपोक्रिप्टा नावाची दुसरी माशी येऊन बसते. तिचा अंडनिक्षेपक, म्हणजे अंडी घालायची सुईसारखी नळी, केसाइतका बारीक आणि शरीरापेक्षा लांब असतो. उंबराची भिंत भोसकून ती आत वाढणाऱ्या इतर माश्यांच्या पिल्लांवर अंडी घालते. बंगळूरच्या भारतीय विज्ञान संस्थेतल्या संशोधकांना या सुईच्या टोकाच्या दात्यांत जस्त आढळले आहे. त्यामुळे टोक टणक राहते. पाचपाखाडीतल्या एका उंबराखाली उभे राहून मी ही भोसकणी पाहिली आहे. मादी पोट कमानीसारखे वर उचलते, अंडनिक्षेपकाचे म्यान बाजूला होते आणि काळा केस हळूहळू हिरव्या सालीत उतरतो. पाच-दहा मिनिटे तिला आजूबाजूचे भान नसते. झाड मोजले आणि त्याच्यावर जगणारी ही साखळी मोजलीच नाही, तर उंबराची नोंद अर्धीच राहते.

घरात येणारी एक माशी सांगतो आणि पुढे जातो. न्हाणीघराच्या खिडकीवर काळी, लांब पायांची, बारीकशा पोटाचा झेंडा सतत वरखाली हलवणारी माशी दिसते आणि लोक तिला चपलेने मारतात. ती इव्हेनिया ॲपेंडिगॅस्टर, झुरळांच्या अंड्यांच्या कुपीत अंडे घालणारी. तिचे एक पिल्लू कुपीतली सगळी अंडी खाऊन टाकते. मारू नये.

या गटातला प्रत्येक कीटक आपल्या उपयोगाचाच आहे, असे मी म्हणत नाही. युलोफिडी हे कुल किडींच्या शत्रूंनी भरलेले आहे, पण त्याच कुलातली क्वाड्रॅस्टिकस एरिथ्रीनी पांगाऱ्याच्या पानांवर आणि देठांवर गाठी आणते. तिला २००४ मध्ये नाव मिळाले आणि पाठोपाठ हवाईपासून केरळपर्यंत तिचा उपद्रव पसरला. एकाच कुलातली एक जाती झाडाची राखण करते आणि दुसरी झाडाला ग्रासते, तेव्हा कुलाच्या नावावर थांबून चालत नाही.

नोंदी कशा ठेवल्या जातात, त्याविषयी माझी खरी तक्रार आहे. निसर्गनोंदी आता मोबाइलच्या फोटोंवर चालतात. पक्षी आणि फुलपाखरे यांच्यासाठी ते बहुधा पुरते. दोन मिलिमीटरच्या माशीचा फोटो कितीही सुंदर आला तरी पंखातली शीर, मिशीतल्या पेरांची संख्या, पोटाच्या पहिल्या खंडाची ठेवण त्यात सापडत नाही. आणि ज्या अळीतून ती निघाली ती अळी कोणती, झाड कोणते, हे तर फोटोत कधीच नसते. कोस्टा रिकात अनेक वर्षे सुरवंट पाळून त्यांतून निघालेल्या ब्रॅकोनिड माश्यांचा अभ्यास झाला. त्यात शरीररचनेवरून १७१ वाटलेल्या जाती, यजमानाची नोंद आणि डीएनए बारकोड (जाती ओळखण्यासाठी वाचलेला डीएनएचा छोटा ठरावीक तुकडा) एकत्र पाहिल्यावर ३१३ निघाल्या. हा अभ्यास २००८ मध्ये प्रसिद्ध झाला. तिथे यजमानाचे लेबल नसते तर ही उकल झाली नसती.

एक प्रसंग सांगावासा वाटतो. माझ्या नोकरीच्या काळात एका महाविद्यालयाच्या प्रयोगशाळेत लाकडी पेट्यांचे एक कपाट होते. आमच्या आधीच्या शिक्षकांनी येऊर, मुंब्र्याची टेकडी, कळव्याची भातखाचरे इथून जमवलेले कीटक त्यात होते. अक्षर बारीक आणि टोकदार, शाई फिकी, पण ठिकाण, तारीख आणि झाडाचे नाव प्रत्येक टाचणीवर. प्रयोगशाळेचे नूतनीकरण निघाले तेव्हा सुट्टी होती. मी परत आलो तेव्हा पेट्या मागच्या व्हरांड्यात उघड्यावर पडल्या होत्या. पावसाने पुठ्ठा फुगला होता, मुंग्यांनी पोटे पोखरली होती आणि लेबले एकमेकांना चिकटली होती. मी त्यातून हाताने जेवढे वाचवता आले तेवढे वाचवले. ज्यांचे लेबल गेले, त्या कीटकांना शास्त्राच्या दृष्टीने किंमत उरली नाही. कळव्याची ती भातखाचरेही आता नाहीत, म्हणजे तो माल पुन्हा जमवता येणार नाही. त्यात कोणाचा वाईट हेतू नव्हता. हे कपाट कोणाच्या जबाबदारीत मोडते, एवढेच कोणाला माहीत नव्हते.

जैवविविधता कायदा, २००२ च्या कलम ४१ प्रमाणे आपली समिती अस्तित्वात आहे आणि लोकजैवविविधता नोंदवही ठेवणे हे तिचे काम आहे. म्हणून ही जबाबदारी आपण घ्यावी, अशी विनंती करतो. नोंदवहीत परजीवी गांधीलमाश्या आणि त्यांच्या जवळच्या गटांना स्वतंत्र विभाग द्यावा आणि त्यातली प्रत्येक नोंद एखाद्या जपलेल्या नमुन्याशी क्रमांकाने जोडलेली असावी. त्यासाठी दोन्ही महापालिकांनी मिळून एक कोरडी खोली, घट्ट झाकणाच्या पेट्यांचे एक कपाट, एक चांगला स्टिरिओ सूक्ष्मदर्शक, अल्कोहोल आणि टिकाऊ कागदाची लेबले एवढी सोय करावी. कपाटाच्या चाव्या आणि नोंदवही ज्याच्या ताब्यात असेल, त्या कर्मचाऱ्याचे पद आदेशात स्पष्ट लिहिलेले असावे, म्हणजे बदली झाली तरी कपाट बेवारस होणार नाही. भारतीय प्राणी सर्वेक्षण संस्थेचे प्रादेशिक केंद्र पुण्यात आहे. वर्षातून एकदा ठरावीक नमुने ओळखीसाठी तिथे पाठवण्याचा करार करता येईल, आणि एखादी नवी जाती निघालीच तर तिचा मूळ नमुना कलम ३९ नुसार नेमलेल्या भांडारातच जमा व्हावा.

संकलनाला मोठा खर्च नाही. पाणी आणि साबणाचा थेंब घातलेल्या पिवळ्या ताटल्या जमिनीवर ठेवल्या की चॅल्सिड माश्या रंगाकडे येतात. दुसरे साधन मलेझ सापळ्याचे. स्वीडनच्या रने मलेझ यांनी तंबूत शिरलेले कीटक वरच्या कोपऱ्यात गोळा होतात हे पाहून १९३० च्या दशकात तो तयार केला आणि १९३४ मध्ये म्यानमारमध्ये वापरला. तो जाळीचाच तंबू आहे, आपल्याकडचा शिंपीही शिवून देईल. सगळ्यात मोलाची तिसरी पद्धत मात्र बरणीची : अळी, झाड आणि तारीख लिहून ठेवायची आणि काय निघते त्याची वाट पाहायची. पारसिक टेकडीचा उतार, नेरूळच्या धारण तलावाभोवतीची बाग, महापालिकेची एखादी रोपवाटिका, वन विभागाची परवानगी मिळाल्यास येऊरची कडा आणि ठाणे खाडीचा काठ, अशी चार-पाच ठिकाणे पुरेत, पण काम पूर्ण बारा महिने चालावे. पावसाळा सोडून केलेली पाहणी आपल्या भागात निरुपयोगी आहे.

सापळ्यात कीटक मरतात, त्याचे काय, असा आक्षेप येईल आणि तो रास्त आहे. म्हणूनच सापळे थोडे असावेत, ठरलेल्या दिवशीच लावावेत आणि त्यात आलेला एकही कीटक वाया जाऊ नये. बाकी गटांचे नमुने त्या-त्या अभ्यासकांना द्यावेत. उद्यान विभागाच्या एका सरसकट फवारणीत जेवढे मरतात, त्याच्या तुलनेत हे फार थोडे आहेत. त्या फवारणीबद्दलही एक सोपी सूचना आहे. बागेत किडीची तक्रार आली की औषध मारण्यापूर्वी कीड लागलेली मूठभर पाने बरणीत घालून पंधरा दिवस ठेवावीत. बरणीत माश्या निघाल्या, तर तिथे फवारणी थांबवावी आणि त्या माश्या कपाटात जमा कराव्यात.

माझ्याकडे त्या व्हरांड्यातून वाचवलेल्या दोन पेट्या आहेत, आणि निवृत्तीनंतर जमवलेल्या आणखी चार. सगळ्यांवर ठिकाण, तारीख आणि जिथे कळला तिथे यजमान लिहिलेला आहे. कपाट ठरले की त्या आणून देईन, आणि आठवड्यातून दोन दिवस लेबले लिहायला व मुलांना पंख पाहायला शिकवायला विनामूल्य येईन. ऐरोलीच्या तिवरांवर यंदा अळी दिसली, तर पहिल्या बरण्या पावसाळा संपण्यापूर्वी भरता येतील. त्याआधी आपल्या बैठकीत हा विषय घ्यावा.

आपला नम्र,
प्राणिशास्त्राचा एक निवृत्त शिक्षक,
ठाणे